झायगोप्टेरा म्हणजे काय? टाचणीच्या शास्त्रीय नावाचा अर्थ आणि उगम

पावसाळा संपत आला की तळ्याकाठी, भातखाचरात किंवा अगदी घरामागच्या हौदाजवळ काडीसारखा बारीक, निळा-हिरवा किडा गवताच्या पात्यावर बसलेला दिसतो. तुम्हीही पाहिला असेल. मग आपण काय करतो? फोन काढतो, झूम करतो, श्वास रोखून क्लिक करतो आणि फोटो बरा आला तर ओळख सांगणाऱ्या एखाद्या ॲपवर टाकतो. ॲप उत्तर देतं, "झायगोप्टेरा". बस्स, एवढंच.

माझ्या बाबतीत हेच झालं. मला वाटलं, हे काय उत्तर झालं? मला तर पूर्ण नाव हवं होतं. खाली ॲपनेच सुचवलेल्या नावांची यादी होती. त्यातलं पहिलं नाव होतं 'सिनाग्रिऑन प्यूएला'. फोटोतला निळा रंग जुळत होता, म्हणून मी बिनधास्त तेच निवडलं. दोन दिवसांनी एका अनोळखी अभ्यासकाची कमेंट आली. ही जात युरोपातली आहे, आपल्याकडे आढळत नाही, आणि या फोटोवरून नेमकी जात सांगता येणार नाही. नोंद 'झायगोप्टेरा'वरच ठेवा, असं त्यात लिहिलं होतं.

थोडक्यात काय, ॲपचं पहिलं उत्तरच बरोबर होतं. फक्त त्या नावाचा अर्थ मला माहीत नव्हता. तो अर्थ काय, हे नाव कुठून आलं, कोणी दिलं आणि तुमच्या-माझ्या फोटोसाठी ते का महत्त्वाचं आहे, हे आजच्या लेखात पाहूया.

आधी ओळख: चतुर वेगळा, टाचणी वेगळी

लहानपणी आपण या सगळ्यांनाच 'हेलिकॉप्टर' म्हणायचो. पण मराठीत यांच्यासाठी दोन वेगळी नावं आहेत. जाडजूड अंगाचा, वेगाने उडणारा तो चतुर. बारीक अंगाची, पाण्यालगतच्या गवतातून हळू उडणारी ती टाचणी. नाव अगदी चपखल आहे, कारण लांबून पाहिलं तर ती खरंच डोकं असलेल्या टाचणीसारखी दिसते.

दोघांमधला फरक ओळखायच्या तीन सोप्या खुणा आहेत:

१. डोळे. टाचणीचे डोळे डोक्याच्या दोन टोकांना, एकमेकांपासून लांब असतात. डोकं समोरून व्यायामाच्या डंबेलसारखं दिसतं. बहुतेक चतुरांचे डोळे मोठे असतात आणि डोक्यावर एकमेकांना भिडतात.

२. बसण्याची पद्धत. टाचणी बसली की बहुतेक वेळा पंख पाठीवर मिटून घेते. चतुर पंख पसरून बसतो, विमानासारखा.

३. पंखांचा आकार. टाचणीचे पुढचे आणि मागचे पंख जवळजवळ सारखे असतात, आणि ते अंगाला जोडलेले असतात तिथे निमुळते होतात. चतुराचा मागचा पंख मात्र मुळाशी पुढच्यापेक्षा रुंद असतो.

ही तिसरी खूण नीट लक्षात ठेवा. शास्त्रीय नाव याच खुणेवरून आलं आहे.

नावाची फोड: झायगो + प्टेरा

'झायगोप्टेरा' हा शब्द दोन ग्रीक शब्दांपासून बनवला आहे. पहिला 'झिगॉन', म्हणजे जू. हो, तेच जू, बैलांच्या मानेवर ठेवतात ते. दोन बैल एका जुवाला जुंपले की जोडी तयार होते, म्हणून या शब्दाला 'जोडी' असाही अर्थ आला. दुसरा शब्द 'प्टेरॉन', म्हणजे पंख. त्याचं अनेकवचन 'प्टेरा'.

म्हणजे झायगोप्टेरा या नावाचा सरळ अर्थ 'जोडीचे पंख असलेले'. पुढचा पंख आणि मागचा पंख एकाच जोडीतल्या बैलांसारखे, एकमेकांना शोभणारे.

पण थांबा. इथे दोन गैरसमज होऊ शकतात. टाचणी पंख मिटून एकत्र ठेवते म्हणून 'जोडलेले पंख', असं कोणालाही वाटेल. शिवाय मीलनाच्या वेळी नर-मादी एकमेकांना धरून जोडीनेच उडतात, तेव्हा 'जोडी' त्यांचीच असेल, असंही वाटू शकतं. खरा अर्थ कळतो तो चतुरांच्या गटाला दिलेल्या नावावरून. ते नाव आहे 'ॲनआयसोप्टेरा'. याची फोड बघा: 'ॲन' म्हणजे नाही, 'आयसो' म्हणजे सारखं, 'प्टेरा' म्हणजे पंख. म्हणजेच 'सारखे पंख नसलेले'. आयसोटोप, आयसोबार हे शब्द शाळेत शिकलोय ना? त्यातला 'आयसो' तो हाच.

ही दोन्ही नावं एकाच माणसाने, एकाच वेळी, एकमेकांसमोर ठेवून दिली. एका बाजूला असमान पंखवाले, दुसऱ्या बाजूला जोडीचे पंखवाले. त्यामुळे 'झायगो' इथे बसण्याच्या पद्धतीबद्दल बोलत नाही, पंखांच्या आकाराबद्दल बोलतो.

'झायगो' आपल्या घरातलाच निघाला!

आता सगळ्यात मजेशीर भाग. ग्रीक 'झिगॉन' आणि संस्कृत 'युग' हे एकाच जुन्या मूळ शब्दापासून आलेले सख्खे भाऊ आहेत. 'युग' म्हणजे काळ हा अर्थ आपल्याला माहीत आहे, पण या शब्दाचा मूळ अर्थ जू असाच आहे. आणि मराठीतला 'जू' हा शब्द याच 'युग'वरून आला. इंग्रजीतला 'योक' हाही त्याच घराण्यातला.

म्हणजे ॲपवर दिसलेला तो परका वाटणारा 'झायगो' आणि आजोबांच्या औताचं 'जू', दोघांचं मूळ एकच!

दहावीच्या विज्ञानाच्या पुस्तकात 'झायगोट'साठी मराठी शब्द कोणता होता आठवतंय? युग्मनज. तिथेही तीच जोडी आहे. एकीकडे ग्रीक 'झायगो', दुसरीकडे संस्कृत 'युग्म', आणि दोन्हींचा अर्थ दोघांचं एकत्र येणं.

'प्टेरॉन'चंही तसंच. संस्कृतात 'पत्' म्हणजे उडणे किंवा पडणे. त्यावरून 'पत्र' हा शब्द आला आणि त्याचा एक जुना अर्थ पंख असाच आहे. 'पतंग' हा शब्दही याच धातूवरून आलेला. ग्रीक 'प्टेरॉन' आणि आपलं 'पत्र' एकाच मुळाचे आहेत. तेव्हा झायगोप्टेरा हे नाव संस्कृतात शब्दशः बनवायचं तर ते 'युगपत्र' असं काहीतरी होईल.

'ॲनआयसोप्टेरा'मधला नकार दाखवणारा 'ॲन' तर तुम्ही रोज वापरता. अनंत, अनेक, अनोळखी या शब्दांच्या सुरुवातीला तोच नकार बसलेला आहे.

हेलिकॉप्टरमध्ये पण पंख आहे

मघाशी म्हटलं, लहानपणी आपण चतुराला हेलिकॉप्टर म्हणायचो. आता गंमत बघा. 'हेलिकॉप्टर' हा शब्द आपण मनातल्या मनात 'हेली' आणि 'कॉप्टर' असा तोडतो. पण त्याची खरी फोड 'हेलिको' आणि 'प्टर' अशी आहे. 'हेलिको' म्हणजे मळसूत्रासारखं वळणारं आणि 'प्टर' म्हणजे तोच आपला पंख! फ्रान्समध्ये गुस्ताव द पाँतों दामेकूर याने १८६१ मध्ये हा शब्द ग्रीक तुकडे जोडून बनवला.

पुढे लोकांनी तो चुकीच्या ठिकाणी तोडला आणि 'कॉप्टर' हा वेगळाच शब्द तयार झाला. त्यातूनच ड्रोनसाठी 'क्वाडकॉप्टर' आला. भाषेत असं चालतं, चुकीचा तुकडाही रूढ होतो.

डायनोसॉरच्या काळातल्या 'टेरोडॅक्टिल'मध्येही हाच पंख आहे. त्याच्या इंग्रजी स्पेलिंगमध्ये सुरुवातीला 'पी' असतो, पण तो उच्चारत नाहीत, कारण इंग्रजीत शब्दाच्या सुरुवातीला 'प्ट' म्हणायची सवय नाही. शब्दाच्या मध्ये आला की मात्र 'पी' ऐकू येतो, जसा हेलिकॉप्टरमध्ये. म्हणून टाचणीच्या नावाचा उच्चार 'झायगॉप्टेरा' असा 'प' स्पष्ट म्हणून करायचा.

हा एक तुकडा कळला की कीटकांची बरीच नावं आपोआप उघडतात. फुलपाखरं आणि पतंग म्हणजे 'लेपिडोप्टेरा', खवल्यांचे पंखवाले. बोटाला लागणारी ती पावडर म्हणजे बारीक खवले असतात. भुंगेरे म्हणजे 'कोलिओप्टेरा', म्यानाचे पंखवाले, कारण त्यांचे पुढचे कडक पंख मागच्या नाजूक पंखांवर म्यानासारखे बसतात. माश्या आणि डास म्हणजे 'डिप्टेरा', दोन पंखवाले. इथला 'डि' म्हणजे आपला 'द्वि'.

हे नाव दिलं कोणी?

गोष्ट सुरू होते स्वीडनच्या कार्ल लिनियसपासून. प्राण्यांना दोन शब्दी शास्त्रीय नावं देण्याची आजची पद्धत त्याच्या १७५८ च्या ग्रंथापासून धरली जाते. पण लिनियसने चतुर आणि टाचणी असा वेगळा गट केला नव्हता. त्याने दोघांनाही 'लिबेल्युला' या एकाच प्रजातीत टाकलं होतं. त्यातल्या दोन टाचण्यांना त्याने 'प्यूएला' आणि 'व्हर्गो' अशी लॅटिन नावं दिली. अर्थ अनुक्रमे मुलगी आणि कुमारिका. फ्रेंचमध्येही टाचणीला 'दम्वाझेल', म्हणजे तरुण मुलगी म्हणतात, आणि इंग्रजीतलं 'डॅम्सेलफ्लाय' त्याच वळणाचं.

मी ॲपवर चुकून निवडलेलं 'प्यूएला' ते हेच. लिनियसने युरोपातल्या टाचणीला दिलेलं नाव मी महाराष्ट्रातल्या टाचणीला चिकटवून मोकळा झालो होतो.

पुढे लिनियसचा विद्यार्थी, डेन्मार्कचा योहान ख्रिश्चन फॅब्रिशियस, याने कीटकांचं वर्गीकरण पंखांऐवजी तोंडाच्या रचनेवरून करायला घेतलं. १७९३ मध्ये त्याने चतुर-टाचण्यांच्या गटाला 'ओडोनाटा' असं नाव दिलं. ग्रीकमध्ये 'ओडोन' म्हणजे दात. त्यांच्या जबड्यावर दातांसारखे टोकदार भाग असतात, म्हणून हे दातवाले. आणि आता तुम्ही ओळखलंच असेल, 'ओडोन' आणि आपला 'दंत' हेही नातेवाईकच आहेत.

मग आले बेल्जियमचे एदमों द सेलिस-लाँशां. जन्म १८१३, मृत्यू १९००. हे गृहस्थ राजकारणीही होते. बेल्जियमच्या सिनेटचे ते अध्यक्ष होते. पण जग त्यांना ओळखतं ते चतुर-टाचण्यांच्या अभ्यासाचा पाया घालणारे म्हणून. जगभरातून आलेले नमुने समोर ठेवून त्यांनी १८५४ मध्ये ओडोनाटाचे दोन भाग केले: ॲनआयसोप्टेरा आणि झायगोप्टेरा. म्हणून शास्त्रीय यादीत तुम्हाला 'झायगोप्टेरा सेलिस, १८५४' असं लिहिलेलं दिसतं. नावापुढचं आडनाव आणि साल म्हणजे हे नाव कोणी आणि कधी दिलं त्याची नोंद.

दोन खणांत न मावलेला किडा

सेलिस यांची विभागणी दिसायला एकदम नीटनेटकी. पण निसर्ग कधी आपल्या खणांप्रमाणे वागतो का?

१८८९ मध्ये स्वतः सेलिस यांनीच जपानमधल्या एका किड्याचं वर्णन केलं. अंग चतुरासारखं जाडसर, पंख मात्र टाचणीसारखे, पुढचे-मागचे सारखे आणि मुळाशी निमुळते! जातीचं नाव त्यांनी ठेवलं 'सुपरस्टेस', म्हणजे मागे उरलेला, वाचलेला. आज त्याला 'एपिओफ्लेबिया सुपरस्टेस' म्हणतात. याचाच एक भाऊबंद आपल्याकडे पूर्व हिमालयात आहे, 'एपिओफ्लेबिया लेडलावी'. त्याला १९२१ मध्ये नाव मिळालं.

या मधल्या प्राण्यांसाठी पुढे 'ॲनआयसोझायगोप्टेरा' असं तिसरं नाव काढावं लागलं. म्हणजे आधीची दोन्ही नावं एकत्र चिकटवली! आज बरेच अभ्यासक एपिओफ्लेबियाला चतुरांच्या जवळचा मानतात. पंख टाचणीसारखे असले तरी त्याचं नातं दुसऱ्या घराशी जास्त जवळचं आहे.

बसण्याच्या पद्धतीलाही अपवाद आहेत. 'लेस्टिडी' कुळातल्या बऱ्याच टाचण्या पंख अर्धवट उघडे ठेवून बसतात. तरीही त्या झायगोप्टेराच, कारण पंखांचा आकार जोडीचाच आहे. म्हणून एकाच खुणेवर भरवसा ठेवायचा नाही. डोळे, पंख, अंगाची ठेवण हे सगळं एकत्र बघायचं.

मग ॲप 'झायगोप्टेरा'वर का थांबतं?

शास्त्रीय नाव हा एक पत्ता असतो. देश, राज्य, जिल्हा, गाव, घर, अशा पायऱ्या. आपल्या टाचणीच्या बाबतीत कीटक हा वर्ग, ओडोनाटा हा गण, झायगोप्टेरा हा उपगण, मग कुळ, मग प्रजाती आणि शेवटी जाती. ॲप 'झायगोप्टेरा' म्हणतं, तेव्हा ते सांगत असतं, "जिल्ह्यापर्यंत खात्री आहे, घर नंबर फोटोत दिसत नाही."

जगात चतुर आणि टाचण्या मिळून सहा हजारांहून जास्त जाती आहेत. अनेक निळ्या टाचण्या वरून बघितल्या तर सारख्याच दिसतात. खरा फरक कधी छातीवरच्या पट्ट्यांमध्ये असतो, तर कधी शेपटीच्या टोकाला असलेल्या नराच्या चिमट्यांमध्ये. नर त्या चिमट्यांनी मादीला धरतो, आणि त्यांचा आकार जातीनुसार बदलतो. माझ्या फोटोत यातलं काहीच नीट दिसत नव्हतं.

यात एवढं काय बिघडलं, असं वाटेल. पण अशा ॲपवर तुमचा फोटो, तारीख आणि ठिकाण मिळून एक नोंद तयार होते. कोणती जात कुठे आणि कोणत्या महिन्यात दिसते, हे अभ्यासक अशा नोंदींवरून बघतात. टाचणीची पिल्लं पाण्यात वाढतात, त्यामुळे ओढा किंवा तळं बदललं की तिथल्या टाचण्याही बदलतात. अशा वेळी महाराष्ट्राच्या नकाशावर युरोपातल्या टाचणीचा ठिपका पडला तर तो बघणाऱ्याची दिशाभूल होते. 'झायगोप्टेरा' एवढंच लिहिलं तर नोंद अपुरी राहते, पण खरी राहते. पुढे कोणी जाणकार ती पूर्ण करू शकतो.

पुढची नावं कशी वाचायची?

उपगणाच्या पुढे गेलात की आपल्या भागातल्या टाचण्यांची नावंही अशीच उलगडतात:

• इश्नूरा सेनेगालेन्सिस: 'इश्नूरा' म्हणजे बारीक शेपटीची. 'सेनेगालेन्सिस' म्हणजे सेनेगलची. पण ती फक्त आफ्रिकेत नाही, आपल्याकडेही भरपूर दिसते. नावातलं गाव म्हणजे पहिली ओळख जिथली झाली ते, आजचं राहतं घर नव्हे.

• सेरियाग्रिऑन कोरोमांडेलियानम: तळ्याकाठी दिसणारी पिवळी टाचणी. नाव कोरोमांडल, म्हणजे चोळमंडळ किनाऱ्यावरून. हे नाव १७९८ मध्ये त्याच फॅब्रिशियसने दिलं.

• ॲग्रिओक्नेमिस पिग्मिया: 'पिग्मिया' म्हणजे ठेंगणी. टाचण्यांमध्येही ही अगदी चिमुकली.

• स्यूडाग्रिऑन रुब्रिसेप्स: 'रुब्रि' लाल, 'सेप्स' डोक्याची. नराचा चेहरा केशरी असतो.

आणि नावं ठेवण्याचं काम संपलेलं नाही. २०१९ मध्ये सिंधुदुर्गातून 'सेरियाग्रिऑन क्रोमोथोरॅक्स' या नव्या टाचणीचं वर्णन झालं. 'क्रोमो' म्हणजे रंग, 'थोरॅक्स' म्हणजे छाती. २०२१ मध्ये साताऱ्याकडच्या एका टाचणीला नाव मिळालं 'युफिया ठोसेघरेन्सिस'. शेवटचं 'एन्सिस' म्हणजे त्या ठिकाणचा, आपल्या आडनावातल्या 'कर'सारखं. म्हणजे ही झाली ठोसेघरकर! या दोन्ही टाचण्या आपल्याच ओढ्या-पाणथळीच्या परिसरात, आपल्यासमोरच होत्या. नाव मात्र आत्ता मिळालं.

फोटो काढताना एवढं करा

• फोटो बाजूने काढा, म्हणजे छातीवरचे पट्टे दिसतील. वरून काढलेल्या एका फोटोने काम होत नाही.
• एक फोटो शेपटीच्या टोकाचा, एक डोळ्यांचा आणि एक मिटलेल्या पंखांचा घ्या.
• ॲपवर तारीख आणि ठिकाण बरोबर आहे ना, ते तपासा.
• टाचणीला पकडू नका. पंख फार नाजूक असतात. हळूहळू जवळ जा, बऱ्याचदा ती उडून पुन्हा जवळच येऊन बसते.
• सुचवलेली जात आपल्या भागात आढळते का, ते आधी बघा. खात्री नसेल तर 'झायगोप्टेरा' निवडा आणि बिनधास्त पुढे जा.

माझी ती जुनी नोंद अजूनही 'झायगोप्टेरा'वरच आहे. त्याच हौदाजवळ मी परत जाणार आहे, यावेळी बाजूने फोटो काढायला. तुमच्याकडे टाचणीला काय म्हणतात? गावाकडचं एखादं वेगळं नाव माहीत असेल तर आम्हाला नक्की कळवा, आणि हा लेख सगळ्यांना 'हेलिकॉप्टर' म्हणणाऱ्या त्या एका मित्राला जरूर पाठवा. त्याला सांगा, 'प्टर' तर तू बरोबरच म्हणत होतास!